स्वखुशीने दिलेला राजीनामा

कांचन देवपुजारी यांनी आपली सरकारी नोकरी स्वखुशीने सोडली, असं एका सरकारी बोर्डाने १९८५च्या ऑगस्टमध्ये अकरा पानी निकालात लिहून ठेवलं आहे. त्या निकालाची एक प्रत माझ्या स्वयंपाकघरातल्या ड्रॉवरमध्ये आहे. तीन वर्षं झाली, तरी काढून वाचला की माझे कान तापतात. त्यातलं एकेक वाक्य सुटं घेतलं तर खोटं एकही नाही. आणि जे घडलं ते मात्र त्यात कुठेच नाही.

कांचनताई मिनियापोलिसजवळच्या ईडन प्रेरीत आमच्यापासून तीन घरं सोडून राहतात. मूळच्या नागपूरच्या. केमिस्ट्रीत एम.एस्सी., पहिला वर्ग. हे त्या स्वतः कधी सांगायच्या नाहीत. कुमारभाऊंनी, म्हणजे त्यांच्या यजमानांनी, एकदा पिकनिकला सांगितलं तेव्हा आम्हांला कळलं. अडुसष्ट साली त्या इथे आल्या, पुढच्या वर्षी विनीता झाली. ती शाळेत जायला लागल्यावर बाईंनी पहिली नोकरी केली ती शाळेच्या कॅफेटेरियात, ट्रे धुण्याची. पहिल्या वर्गातली एम.एस्सी.! नागरिकत्वाची शपथ घेतली, मग सत्त्याहत्तर साली केंद्र सरकारच्या एका पाणी-तपासणी लॅबमध्ये टेक्निशियनची जागा मिळाली. शपथेच्या दिवशी त्या रडल्या नव्हत्या, लॅबचा पांढरा कोट मिळाला त्या दिवशी रडल्या.

बुटक्या, जाड काचांचा चष्मा, हिवाळ्यात साडीवर गुडघ्यापर्यंतचा जाड पार्का कोट. मी त्यांच्याकडून पाककृती घ्यायचं सोडून दिलं, कारण त्यात ‘चवीपुरतं मीठ’ असं कधी नसायचंच. ‘सव्वा चमचा, सपाट’ असायचं. मी हसले की म्हणायच्या, “हसून घे वसुधा. माझी भाजी दर वेळी सारखी होते, तुझी होते का सांग.”

नव्हती होत.

लॅबमधलं त्यांचं मुख्य काम नद्यांच्या पाण्याचं. पाण्याच्या बाटल्या एका ठरावीक तापमानाच्या कपाटात पाच दिवस अंधारात ठेवायच्या आणि पाच दिवसांनी त्यातला किती ऑक्सिजन संपला ते मोजायचं. त्यावरून पाणी किती घाण आहे ते कळतं. पाच दिवस म्हणजे पाचच. सहाव्या दिवशी मोजलं तर तो आकडा कुणाच्या कामाचा नाही, आणि ते पाणी पुन्हा मिळत नाही, कारण नदी तोवर पुढे गेलेली असते.

१९८५च्या फेब्रुवारीत एका बुधवारी त्यांनी बाटल्या ठेवल्या. मोजायचा दिवस आला मार्चमधला पहिला सोमवार. मिनेसोटात तेव्हा जे राहत होते त्यांना तो सोमवार आठवत असेल. रविवारपासून जे बर्फ कोसळायला लागलं ते थांबेना. शाळा बंद, ऑफिसं बंद, रेडिओवर सरकारी कचेऱ्यांचीही नावं वाचून दाखवली. आमच्या गॅरेजचं दार उघडेना.

कांचनताईंनी पायमोज्यांवर ब्रेडच्या रिकाम्या प्लास्टिकच्या पिशव्या चढवल्या, वर कुमारभाऊंचे बूट घातले, आणि अडीच मैल चालत लॅबमध्ये गेल्या. जायला पावणेदोन तास लागले. गेटवरच्या म्हाताऱ्या रखवालदाराने आत घेतलं, वेड्या बाईकडे बघावं तसं बघितलं, कॉफी दिली आणि रजिस्टर पुढे केलं. त्यांनी नाव, वेळ, सही केली. वर जाऊन बाटल्या मोजल्या, वहीत आकडे लिहिले, खाली तारीख घातली आणि चालत घरी आल्या. संध्याकाळी मी फोन केला तेव्हा म्हणाल्या, “पाय शेकत बसलेय गं. पण रीडिंग सुरेख आली.”

पुढे सगळं रामायण झालं ते या सुरेख रीडिंगवरून.

लॅबचा प्रमुख आदल्या शरद ऋतूत बदलला होता. हॅलोरन नावाचा उंच, गोड बोलणारा माणूस. जानेवारीत बाहेरून काही अधिकारी आले होते, त्यांच्यासमोर तो एक तक्ता दाखवत होता. कांचनताईंनी हात वर केला आणि सांगितलं, की तिसऱ्या रकान्यात दशांशचिन्ह एक घर सरकलं आहे. सरकलं होतंच. तो हसून “थँक यू, कॅन्चन” म्हणाला. आता याच गोष्टीचा त्याने डाव धरला असं मी म्हटलं तर पुरावा काय, असं कुणीही विचारेल. पुरावा नाही. तेव्हा म्हणत नाही. फक्त सांगून ठेवते.

एप्रिलच्या एका गुरुवारी दुपारी तीन वाजता त्याने त्यांना आत बोलावलं आणि टेबलावर दोन कागद ठेवले. पहिला कागद बडतर्फीच्या नोटिशीचा: ज्या दिवशी कचेरी बंद होती त्या दिवशीच्या रीडिंगा वहीत आहेत, म्हणजे त्या मनाने लिहिलेल्या आहेत, सबब सरकारी दप्तरात खोटी नोंद. दुसरा कागद कोरा. उद्या दुपारी बारापर्यंत राजीनामा लिहून द्या, पहिला कागद मी फाडून टाकतो. नाही दिलात, तर हा कायम तुमच्या फाइलमध्ये.

कांचनताई तिथून थेट माझ्याकडे आल्या. पार्का न काढता खुर्चीत बसल्या.

“तुम्ही त्याला सांगितलं नाहीत, की मी चालत आले होते म्हणून?”

“सांगितलं ना बाप्पा! म्हटलं, गेटवरचं रजिस्टर पाहा, माझी सही आहे. तर म्हणतो, ‘आपण हे प्रकरण उगीच वाढवायला नको, कॅन्चन.’”

“म्हणजे त्याने पाहिलंच नाही?”

“मले काय माहीत? पण वसुधा, मी खोटं लिहीन? मी?”

एवढंच त्या पुन्हा पुन्हा म्हणत होत्या. नोकरी जाईल याची भीती नव्हती. त्यांनी आकडा मनाने लिहिला असं कुणी म्हणावं, हे त्यांना सोसत नव्हतं. त्यांना एकच हवं होतं: कुणीतरी ते रजिस्टर उघडावं आणि तोंडाने म्हणावं, की बाई आली होती.

संध्याकाळी त्यांच्या डायनिंग टेबलाशी आम्ही सगळे बसलो. कुमारभाऊ, कांचनताई, मी, माझे यजमान शैलेंद्र, आणि सोळा वर्षांची विनीता. चार मोठी माणसं, चौघांकडे मिळून सहा डिग्र्या.

“राजीनामा द्यायचा, विषय संपला,” कुमारभाऊ म्हणाले. “बडतर्फ म्हणजे काय ते इथल्या लोकांना कळत नाही, आपल्याला कळतं. माझे मधुकाका बावन्न साली सेक्रेटरिएटमधून बडतर्फ झाले. पुढे निर्दोष सुटले, तरी मरेपर्यंत अख्ख्या धंतोलीत ते बडतर्फकाकाच होते. त्यांच्या मुलींची लग्नं कशी जमवली ते माझ्या आईला विचारा.”

शैलेंद्रनेही मान डोलावली. राजीनामा म्हणजे कसा, इभ्रतीत बाहेर पडणं. फाइल स्वच्छ राहते.

विनीता सिरियल खात होती. तिने चमचा खाली ठेवला. “आई, डोन्ट साइन. लेट देम फायर यू. देन यू कॅन फाइट.”

“फाइट म्हणे! इथं काय कुस्ती लागलीये?” कुमारभाऊ म्हणाले.

“बाबा, इफ शी क्विट्स, शी क्विट. दॅट्स इट. नोबडी हॅज टु लिसन टु हर.”

“तू तुझं सिरियल खा.”

“आय ॲम जस्ट सेइंग.”

आणि मी, जिला सगळे समजूतदार म्हणतात, मी त्या मुलीला म्हटलं, “विनू, मोठ्यांच्या बोलण्यात असं मध्ये पडू नये, राजा.” हे मी लिहून ठेवते आहे, कारण या लेखात मी पुष्कळांवर राग काढणार आहे, आणि त्यात माझा नंबर वगळणं बरं दिसणार नाही. तिने हायस्कूलच्या एका तासाला जे ऐकलं होतं, ते आम्हां चौघांच्या गावीही नव्हतं. आमच्या डोक्यात अमेरिकेच्या सरकारी कचेरीवर नागपूरचं सेक्रेटरिएट बसलं होतं.

राजीनामा मी लिहिला. इंग्रजी घेऊन बी.ए. झालेली मीच होते आणि टाइपरायटरही माझाच होता. कांचनताईंनी एका ओळीचा मजकूर आणला होता. मला तो फारच रुक्ष वाटला. मी त्याला सजवलं. आठ वर्षं आपल्या संस्थेत काम करण्याचं भाग्य लाभलं, सहकाऱ्यांचा स्नेह आणि वरिष्ठांचं मार्गदर्शन मी कृतज्ञतेने स्मरेन, घरगुती कारणांमुळे मला जड अंतःकरणाने निरोप घ्यावा लागत आहे. आपल्याकडे राजीनामा असाच लिहितात. बॉसने आयुष्य नकोसं केलं असलं तरी ‘आपला कृपाभिलाषी’ अशीच सही करतात. वाचून दाखवला तेव्हा कुमारभाऊ म्हणाले, “वा! क्लास!”

दोन आठवड्यांनी शेवटचा दिवस होता. कांचनताईंनी नारळाच्या वड्या केल्या, केशर घालून, साठ. पट्टी लावून कापल्यासारख्या सारख्या. ब्रेकरूममध्ये ताट ठेवलं, सगळ्यांना दिल्या. सगळ्यांनी सह्या केलेलं कार्ड मिळालं, एक कुंडी मिळाली. हॅलोरनने दोन वड्या खाल्ल्या आणि पाककृती मागितली.

नंतरच्या आठवड्यात मी कांचनताईंकडे बसले असताना त्यांना युनियनच्या माणसाचा फोन आला. तो रजेवर होता, त्याला आत्ता कळलं होतं. “राजीनामा का दिलात?” तो ओरडलाच. “बडतर्फ केलं असतं तर बोर्डाकडे अपील करता आलं असतं. त्याला एकेक गोष्ट सिद्ध करावी लागली असती!” सरकारी नोकराला सरकारने काढलं, तर ते बरोबर की चूक हे ठरवायला एक स्वतंत्र बोर्ड आहे, जज आहे, साक्षीपुरावा आहे. हे सगळं कांचनताईंसाठी त्या गुरुवारी उपलब्ध होतं. त्यांनी फक्त गप्प बसून राहायचं होतं.

“आता काय?” मी फोन हातात घेऊन विचारलं.

“वीस दिवसांच्या आत अपील टाका. जबरदस्तीने राजीनामा घेतला म्हणा. बघू.”

युनियनला राजीनामा दिलेल्या माणसाची केस चालवता येत नव्हती. पण बोर्डापुढे वकीलच लागतो असं नाही, प्रतिनिधी कुणीही चालतो. म्हणून फॉर्मवर प्रतिनिधी म्हणून माझं नाव गेलं, आणि व्यवसायाच्या रकान्यात ‘गृहिणी’. कांचनताई म्हणाल्या, “तूच लिहिलंस, तूच निस्तर.” हसत म्हणाल्या, पण म्हणाल्या.

बोर्डाचं पहिलं पत्र आलं ते मी पाच वेळा वाचलं. त्याचा सारांश असा, की ज्यांना सरकारने काढलं त्यांचंच हे बोर्ड ऐकतं. जे आपण होऊन गेले त्यांची केस बोर्डाच्या अधिकारात येत नाही. सही केलेला राजीनामा हा आपखुशीचाच धरला जाईल. तसा नसेल, तर ते अपील करणाऱ्याने आधी सिद्ध करावं, मगच पुढचं. पुढचं म्हणजे रजिस्टर, वही, ते पाच दिवस, तो बर्फातला सोमवार. म्हणजे जे कांचनताईंना सांगायचं होतं ते सगळंच.

जुलैत मिनियापोलिसच्या डाउनटाउनमधल्या एका सरकारी इमारतीत सुनावणी झाली. जज शिकागोहून आला होता. पन्नाशीचा, सभ्य, आम्हांला स्वतः पाणी ओतून देणारा. समोर सरकारची वकीलबाई, तिच्या शेजारच्या खुर्चीवर खोकं. आम्ही मागणी केली होती म्हणून लॅबने कांचनताईंची वही आणि गेटचं रजिस्टर पाठवलं होतं. रजिस्टरचा हिरवा कापडी कणा मला माझ्या खुर्चीतून दिसत होता. चार हातांवर.

वकीलबाईने राजीनाम्याचं पत्र पुढे केलं.

“हे तुम्ही लिहिलंत?”

“सही माझी आहे,” कांचनताई म्हणाल्या. “लिहिलं माझ्या मैत्रिणीने.”

“कोण मैत्रीण?”

त्यांनी माझ्याकडे बोट केलं. जजने चष्मा काढून पुसला.

“यात लिहिलं आहे, की इथे काम करणं हे तुमचं भाग्य होतं. हे खोटं आहे?”

इथे त्यांनी ‘हो’ म्हणायचं होतं. मी डोळ्यांनी खुणा करत होते. पण खोटं लिहिल्याचा आरोप पुसायला आलेली बाई ती, खोटं कशी बोलणार?

“खोटं नाही. मला तिथलं काम फार आवडायचं.”

“शेवटच्या दिवशी तुम्ही घरून मिठाई करून आणली होती?”

“हो. साठ वड्या.”

“कुणी आणायला सांगितलं होतं?”

“नाही.”

“मिस्टर हॅलोरननाही दिलीत?”

“त्यांनी दोन घेतल्या.”

“ज्या माणसाने धमकावून तुमची नोकरी घेतली असं तुम्ही म्हणता, त्याला तुम्ही आपल्या हाताने मिठाई दिलीत?”

कांचनताईंना प्रश्नच कळेना. त्या माझ्याकडे बघत म्हणाल्या, “सगळ्यांना द्यायची आणि त्याला एकट्याला वगळायचं? असं कसं करता येईल?”

कोपऱ्यात जबानी टाइप करणारी मुलगी हसली. वकीलबाईने “आणखी प्रश्न नाहीत” म्हणून पेन ठेवलं. तिला कशाला हवे होते आणखी? निघताना कडवट तोंडाने निघू नये, जाणाऱ्याने मागे गोड ठेवून जावं, हे आम्हांला आयांनी शिकवलं. ते तिने पुरावा म्हणून दाखल करून घेतलं. कांचनताईंनी त्या दिवशी दार आपटलं असतं, हॅलोरनच्या अंगावर ताट फेकलं असतं, तर बोर्डाच्या हिशोबी त्यांच्यावर अन्याय झाला असं दिसलं असतं. नीट वागल्या, म्हणून झाला नाही!

मग हॅलोरन साक्षीला आला. मी उठले.

“मिस्टर हॅलोरन, ते दोन कागद टेबलावर ठेवण्याआधी तुम्ही गेटचं रजिस्टर पाहिलं होतंत?”

“ऑब्जेक्शन,” वकीलबाई म्हणाली. आरोप खरा की खोटा, हा आजचा विषय नाही. जजने ते मान्य केलं. हॅलोरन छताकडे बघत बसला.

मी जजला म्हटलं, “सर, ते रजिस्टर त्या खोक्यात आहे. एक पान उघडायचं आहे. तुम्हांला ते बघायचं नाही, की बघता येत नाही?”

“बघता येत नाही, मॅम,” तो म्हणाला. “केस माझ्या अधिकारात आहे हे आधी ठरायला हवं. ते ठरेपर्यंत मूळ भांडणात शिरायचा मला अधिकार नाही.”

“आणि ते कशावरून ठरणार?”

“त्या आपण होऊन गेल्या, की त्यांना जायला भाग पाडलं, यावरून.”

“अहो, खोटा आरोप दाखवूनच तर भाग पाडलं!”

“आरोप खोटा होता की नाही, ते मला आज ठरवता येत नाही.”

दळण दळून पुन्हा जात्यात तेच पीठ. तो चिडला नाही, त्याने आवाज चढवला नाही. उलट त्याच्या चेहऱ्यावर मला थोडी लाज दिसली. मला त्याचाच जास्त राग आला. वाईट माणसाने दार लावून घेतलं तर निदान त्याला शिव्या तरी देता येतात.

दीड तासात सुनावणी संपली. वकीलबाईने खोकं उचललं, रजिस्टर जसं आलं तसं गेलं. कांचनताई त्या खोक्यामागे पाच-सहा पावलं चालत गेल्या आणि थांबल्या.

ऑगस्टमध्ये निकाल आला. पत्रातली भाषा, निरोपाचं एकूण वातावरण, अपीलकर्तीने वाटलेले खाद्यपदार्थ, सगळं सविस्तर. रात्रभर विचार करायला वेळ मिळाला होता, सल्ला घेतला होता, घरच्यांशी बोलणं झालं होतं. दोन वाईट पर्यायांतला एक निवडावा लागला, म्हणजे निवड नव्हती असं होत नाही. सबब राजीनामा स्वखुशीचा. सबब केस बोर्डाच्या अधिकाराबाहेर. सबब अपील फेटाळलं.

नवव्या पानावर तळाशी बारीक अक्षरांत एक टीप आहे. तिच्यात म्हटलं आहे, की आरोप टिकणार नाही हे वरिष्ठाला माहीत असताना, किंवा माहीत असायला हवं असताना, त्याने त्याच आरोपाची धमकी दिली, तर तसा राजीनामा जबरदस्तीचा धरता येतो आणि मग बोर्डाला केस ऐकता येते. परंतु अपीलकर्तीने असा दावा केलेला नाही.

मी ती टीप वाचली आणि ओट्याशी उभी राहिले. म्हणजे मी विचारलेला प्रश्न बरोबर होता. रजिस्टर पाहिलं होतंत का, हाच तो प्रश्न! फक्त तो विचारण्याआधी ते एक वाक्य म्हणायला हवं होतं. ते मी म्हटलं असतं, तर खोकं उघडलं असतं. जजला ते वाक्य पाठ होतं. वकीलबाईला पाठ होतं, म्हणून तर ती इतक्या चटकन उठली. मी बोर्डाचं पहिलं पत्र पुन्हा काढलं. दुसऱ्या पानावर, एका लांबलचक वाक्याच्या पोटात, अर्ध्या ओळीत ते होतंही. मी पाच वेळा त्याच्यावरून गेले होते. पदवीधर बाईने पाच वेळा वाचून जे सापडू नये अशा जागी ते ठेवलं होतं, आणि मग लिहिलं, दावा केलेला नाही.

वॉशिंग्टनला वरच्या बोर्डाकडे मी पत्र पाठवलं, त्यात ते वाक्य घातलं. उत्तर आलं, की हा मुद्दा आधी मांडायला हवा होता. परदेशी म्हणून हे झालं का, हे विचारायला समान संधीच्या ऑफिसात गेलो. तिथली बाई म्हणाली, घटनेपासून तीस दिवसांत यायचं असतं. तुम्ही तेव्हा कुठे होतात? आम्ही तेव्हा बोर्डाच्या दारात होतो, बाई. ते आमचं दार नव्हतं, हे कळायला बोर्डाने चार महिने घेतले.

कांचनताई आता एका डेअरीच्या लॅबमध्ये दुधातला स्निग्धांश तपासतात. तिथे मुलाखत घेणाऱ्याने आधीची नोकरी का सोडली ते विचारलंच नाही, पिपेट हातात दिली आणि काम बघितलं. बरं चाललं आहे. विनीता कॉलेजात आहे, कायदा शिकायचं म्हणते. कुमारभाऊ तो विषय निघाला की बेसमेंटमध्ये जातात.

निकाल लागला त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये सेंट पॉलला एका दुसऱ्या सरकारी लॅबमध्ये जागा निघाली. कांचनताई अर्जाचा फॉर्म घेऊन माझ्याकडे आल्या. चार पानी, सगळ्या केंद्र सरकारी नोकऱ्यांना तोच. त्यात एक प्रश्न होता: गेल्या काही वर्षांत तुम्हांला कुठल्या नोकरीतून काढलं आहे का, किंवा काढणार असं सांगितल्यावर तुम्ही नोकरी सोडली आहे का? हो, नाही. ‘हो’ असल्यास सविस्तर खुलासा करा, लागल्यास जास्तीचे कागद जोडा.

मी ते वाचून इतकी ओरडले, की शैलेंद्र वरून खाली आला. अहो, त्याच सरकारचं बोर्ड म्हणतं तुम्ही आनंदाने गेलात, वड्या वाटत गेलात, आणि त्याच सरकारचा फॉर्म विचारतो काढणार म्हणून गेलात का! अपील करताना स्वखुशी, आणि अर्ज करताना हकालपट्टी! कुठलं एक तरी धरा!

“‘नाही’ लिहा,” मी म्हटलं. “बोर्डाचा निकाल जोडा. त्यांचाच शिक्का, त्यांच्याच तोंडावर.”

“मला काढणार असं तो म्हणाला होता की नाही?”

“म्हणाला होता.”

“मग ‘नाही’ कसं लिहू? मी खोटं लिहीत नाही, एवढ्यासाठीच तर हे सगळं केलं.”

त्यांनी ‘हो’वर खूण केली. मी सवयीने टाइपरायटरचं झाकण काढायला गेले.

“नको वसुधा,” त्या म्हणाल्या. “तू फार छान लिहितेस गं. हे मीच लिहिते.”

मी चहा टाकला. त्यांच्याकडे पाठ करून उभी राहिले, नाहीतर त्यांना माझं तोंड दिसलं असतं. दोन तास बसून त्यांनी सहा पानं लिहिली, बाटल्या कधी ठेवल्या इथपासून. कुठेही ‘कृतज्ञता’ नाही.

ती जागा त्यांना मिळाली नाही. पुढच्या वर्षी आणखी एक निघाली, तिथेही अर्ज केला. या उन्हाळ्यापर्यंत चार झाले. चारही वेळा ‘हो’, चारही वेळा सहा पानं नव्याने हाताने. गेल्या महिन्यात मला राहवलं नाही. मी म्हटलं, “कांचनताई, डेअरीत तुमचं चांगलं चाललंय. ‘हो’ लिहिलं की ते अर्ज बाजूला टाकतात हे आता आपल्याला कळलंय. मग पुन्हा पुन्हा कशाला? तुम्हांला खरंच तिकडे परत जायचंय?”

“छे गं, नोकरी कुणाला हवीये.” त्या लिफाफ्याला तिकीट लावत होत्या, चारही कडा नखाने दाबून. “त्या फॉर्मवर विचारतात, काय झालं ते सविस्तर सांगा म्हणून. बाकी कुणी विचारलंच नाही ना.”